पवईतली पिवळ्या उजेडाची खोली

आयआयटी मुंबईतल्या नॅनो-इलेक्ट्रॉनिक्सच्या प्रयोगशाळेत शिरायचं तर आधी अंगभर झाकणारा पोशाख चढवावा लागतो. माणसाचा केस साधारण ८० हजार नॅनोमीटर जाड; इथं कोरायच्या रेषा त्याहून शेकडो पटींनी बारीक. धुळीचा एक कणही चिप बिघडवतो.

उजेड पिवळा, कारण सिलिकॉनच्या चकतीवरचं प्रकाशसंवेदी रसायन निळ्या आणि अतिनील किरणांनी बदलतं.

इतक्या बारीक रेषा कोरणारी महागडी यंत्रं प्रत्येक विद्यापीठाला कुठून परवडणार? म्हणूनच २००८ मध्ये सुरू झालेली केंद्र सरकारची योजना फार मोलाची. तिनं पवईतल्या या प्रयोगशाळेची आणि बंगळूरुच्या भारतीय विज्ञान संस्थेची दारं बाहेरच्या संशोधकांना उघडली: आधी कार्यशाळा, मग यंत्रावर प्रत्यक्ष हात, आणि प्रस्ताव मंजूर झाला की स्वतःचं उपकरण घडवण्याची मुभा.