बाळ गंगाधर म्हणजे कोण?

दोस्तांनो, आधी एक कोडं सोडवा पाहू.

नाव बाळ. वडिलांचं नाव गंगाधर. घराणं कोकणातलं. गणितात एकदम तयार! मोठेपणी मराठी वर्तमानपत्र काढलं. ओळखा कोण?

“लोकमान्य टिळक!” असंच ओरडलात ना? शाब्बास! पण थांबा, याच कोड्याचं आणखी एक उत्तर आहे आणि तेही तितकंच बरोबर आहे. ते म्हणजे बाळशास्त्री जांभेकर! त्यांचे वडीलही गंगाधर आणि गाव सिंधुदुर्गातलं पोंभुर्ले. त्यांनी १८३२ मध्ये ‘दर्पण’ हे मराठीतलं पहिलं वर्तमानपत्र सुरू केलं. टिळकांनी आगरकर आणि इतर सोबत्यांबरोबर ‘केसरी’ काढला तो १८८१ मध्ये. जांभेकर १८४६ मध्ये वारले आणि टिळकांचा जन्म झाला १८५६ मध्ये. म्हणजे दोघांची कधी भेटच झाली नाही!

आता समजा, तुम्ही ज्ञानकोश तयार करताय. जगातल्या थोर माणसांची माहिती त्यात द्यायची आहे. मग लेखावर नुसतं ‘बाळ गंगाधर’ लिहून चालेल का? मुळीच नाही.

मराठी विश्वकोशानं यावर सोपी युक्ती केली. आधी आडनाव, मग नाव. त्यामुळे टिळक गेले ‘ट’मध्ये आणि जांभेकर ‘ज’मध्ये. शिवाय नावापुढे कंसात जन्म-मृत्यूच्या तारखा. झाली ओळख पक्की!

पण राजांचं काय? त्यांना तर आपण नुसत्या नावानंच ओळखतो. शाहू महाराज म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर कोण येतं? एक शाहू महाराज साताऱ्याचे. ते संभाजी महाराजांचे पुत्र, जन्म १६८२. त्यांनीच १७२० मध्ये बाजीरावांना पेशवेपद दिलं. दुसरे राजर्षी शाहू महाराज कोल्हापूरचे, जन्म १८७४. त्यांनी १९०२ मध्ये आपल्या संस्थानात मागासवर्गीयांसाठी निम्म्या नोकऱ्या राखून ठेवल्या. आता या दोघांची माहिती चुकून एकाच लेखात गेली, तर काय होईल? राखीव जागांचा हुकूम काढणाऱ्या राजाचं वय होईल २२० वर्षं! म्हणून लेखाच्या नावात सातारा की कोल्हापूर, हे सांगावंच लागतं.

नावं सारखी होण्यामागं आपली एक लाडकी रीतही आहे. नातवाला आजोबांचं नाव ठेवायचं! बाजीराव पेशव्यांच्या घरात असंच झालं. त्यांचा मुलगा रघुनाथराव आणि रघुनाथरावांचा मुलगा पुन्हा बाजीराव. म्हणून आजोबा झाले ‘पहिले बाजीराव’ आणि नातू ‘दुसरे बाजीराव’. गंमत बघा, आजोबा हयात असताना त्यांना ‘पहिले’ कोणीच म्हणत नसणार. दुसरे येणार आहेत हे तेव्हा कुणाला ठाऊक होतं? हा आकडा त्यांना नातवामुळे मिळाला!

संगणकावरच्या ज्ञानकोशात तर फारच काटेकोर राहावं लागतं. विकिपीडियावर लेखाचं नाव हाच त्याचा पत्ता असतो. एका पत्त्यावर दोन लेख राहूच शकत नाहीत. मग नावापुढे कंसात ‘क्रिकेट खेळाडू’, ‘लेखक’ असं काही लिहितात. शिवाय एक खास पान असतं, त्याचं नाव निःसंदिग्धीकरण. दचकू नका! संदिग्ध म्हणजे नीट उलगडा न होणारं. हे पान चौकातल्या पाटीसारखं असतं. या नावाची माणसं कोणकोण आहेत ते सांगतं आणि हव्या त्या लेखाची वाट दाखवतं.

कधी उलटही होतं. माणूस एक आणि नावं अनेक! टिळकांचं पाळण्यातलं नाव होतं केशव. घरी म्हणायचे बाळ आणि लोक म्हणू लागले लोकमान्य. अशा वेळी लोकांना सगळ्यांत जास्त माहीत असलेलं नाव लेखाला देतात. बाकीच्या नावांनी शोधलं, तरी आपण त्याच लेखावर पोचतो.

याहून पक्की युक्ती म्हणजे क्रमांक. विकिडेटा नावाच्या माहितीसाठ्यात प्रत्येकाला स्वतःचा क्रमांक मिळतो. महात्मा गांधींचा आहे क्यू १००१. मराठीत शोधा की जपानीत, हा क्रमांक बदलत नाही. शाळेतल्या हजेरीपटावर तुमचा क्रमांक असतो ना, अगदी तसाच!

आता तुमची पाळी. आजी-आजोबांना विचारून आपल्या घराण्याचा छोटा ज्ञानकोश बनवा. एकाच नावाची दोन माणसं नक्की सापडतील. प्रत्येकाच्या नावापुढे जन्मसाल, गाव आणि काम लिहा. नाव सारखं असलं, तरी प्रत्येकाचं आयुष्य वेगळं असतं. एकाचं काम दुसऱ्याच्या नावावर जाणार नाही, एवढी काळजी तुम्ही घ्यायची. घ्याल ना?