पडद्यावरचा तंबू आणि पर्वतावरचा मुक्काम

गेल्या दिवाळींत मी हिंगोलीस बहिणीकडे गेलों होतों. फराळ आटोपून वडील मंडळी गप्पागोष्टींत रमली असतां माझा पंधरा वर्षांचा भाचा एका कोपऱ्यांत बसून टेलिव्हिजनच्या पडद्यावर कसलासा खेळ खेळत होता. पडद्यावर एक उभा कडा होता. त्या कड्याला एक बाई पालीसारखी चिकटली होती, आणि तिचे हातपाय थरथरूं लागले होते. इतक्यांत भाच्यानें मला हाक मारली, "मामा, ही दमली. इथेंच तंबू ठोकूं, कीं अजून वर जाऊं?"

मीं विचारलें, "तुझें काय मत?"

तो म्हणाला, "वरच जावें. जितकें उंच झोपूं, तितकें उद्यां कमी चढावें लागेल."

हिशेब ऐकावयास बिनचूक आहे. खऱ्या पर्वतावर मात्र तो जिवावर बेततो. तो कां बेततो, हें सांगावें म्हणून आज आपणांपुढें बोलत आहें.

व्हिडिओ गेम म्हटला कीं बंदुका आणि मोटारी एवढेंच वडील माणसांच्या डोळ्यांपुढें येतें. गिर्यारोहणाच्या खेळांची जात निराळी आहे. भाचा खेळत होता तो 'केर्न' हा खेळ फ्रान्समधील 'द गेम बेकर्स' या मंडळीनें तयार केला आहे. त्यांत आवा नांवाची एक स्त्री कामी नांवाच्या काल्पनिक पर्वतावर चढते. तिचा एकेक हात आणि एकेक पाय खेळणाऱ्यानें स्वतः जागा शोधून खडकावर टेकवावयाचा असतो. तिला भूक लागते, तहान लागते, थंडी वाजते. म्हणून वाटेंत योग्य जागा गांठून तंबू उभारणें, अन्न शिजविणें, सोलवटलेल्या बोटांना पट्टी गुंडाळणें आणि झोंप घेणें हीं कामें करावीं लागतात. २०२५ सालीं निघालेल्या 'पीक' या दुसऱ्या एका खेळांत आरोहकाचा दम दाखविणारी एक पट्टी असते, आणि भूक, थंडी, दुखापत, इतकेंच नव्हे तर पाठीवरचें ओझेंसुद्धां त्या पट्टींतला आपापला वांटा खाऊन टाकतें. ही कल्पना मला फार आवडली. चढणें म्हणजे नुसतें अंगबळ नव्हे, पोट, पाठ आणि झोंप यांचाही त्यांत भाग असतो, हें या खेळांनीं मुलांना घरबसल्या शिकविलें आहे.

आमच्या हिंगोली जिल्ह्यांत बर्फाचें शिखर नाहीं. औंढा नागनाथाच्या आसपासचे डोंगर हीच आमची उंची. तथापि मुक्कामाची विद्या या मुलखाला परकी नाहीं. संत नामदेवांचें जन्मगांव मानलेल्या नर्सीच्या मुलखांतूनच शेगांवच्या गजानन महाराजांची पालखी आषाढीसाठीं पंढरपुराकडे जाते. ज्यांनीं दिंडी जवळून पाहिली आहे त्यांना ठाऊक आहे कीं, आज किती चालावयाचें हें पायांच्या हौसेवर ठरत नाहीं. पाणी कोठें आहे, पाऊस आला तर आसरा कोठें आहे, भाकरी कोणत्या गांवीं आहे, यावर तें ठरतें. आधीं मुक्काम आणि मग मजल, हाच नियम हिमालयांतही चालतो.

मुक्कामाचा पहिला प्रश्न जागेचा. खेळांत कड्याच्या मधोमध एखादी सपाट जागा दिसली कीं मन सुखावतें, आणि तेथें तंबू उभारला कीं त्या रात्रीपुरती चिंता मिटते. प्रत्यक्षांत सपाट जागा नेहमींच निर्धोक असते असें नाहीं. डोंगराच्या नाळेच्या तोंडाशीं जी सपाटी दिसते ती पुष्कळदां वरून आलेल्या दगडमातीनें किंवा बर्फानें तयार झालेली असते. म्हणजे ज्या संकटानें ती जागा सपाट केली, त्याच संकटाची ती नेहमींची वाट असते. आपल्या सह्याद्रींतही ओढ्याच्या कोरड्या पात्रांतील मऊ वाळू पाहून जो तंबू टाकतो तो, वर कोठें पाऊस पडला तर, रात्रीं पाण्यांत सांपडतो. हिमालयांत यांत आणखी दोन भयांची भर पडते. एक वाऱ्याचें, तंबूचें दार वाऱ्याच्या तोंडाला आलें तर तंबू शिडासारखा फुगून फाटतो. दुसरें पायांखालच्या भेगांचें. हिमनदीवरील खोल भेगांवर ताज्या बर्फाचा पातळ थर झांकणासारखा बसलेला असतो. म्हणून भोंवतालची जमीन लांब काठीनें टोंचून पाहिल्यावांचून जाणता आरोहक कमरेचा दोर सोडीत नाहीं.

इतकी काळजी घेऊनही पर्वत आपला शब्द राखतोच असें नाहीं. एव्हरेस्टच्या पायथ्याची तळछावणी ही त्या वाटेवरील त्यांतल्या त्यांत सुरक्षित जागा समजली जात असे. २५ एप्रिल २०१५ रोजीं नेपाळांत मोठा भूकंप झाला, शेजारच्या पुमोरी शिखराच्या बाजूनें बर्फाची प्रचंड दरड सुटली, आणि तिच्या लोटानें त्या छावणींतील तंबू उडवून दिले. पंधराहून अधिक माणसें तेथें मृत्युमुखीं पडलीं.

दुसरा प्रश्न चुलीचा. आमच्या गृहिणींना हा भाग विशेष कळेल. बर्फाच्या राज्यांत सगळीकडे पाणी गोठलेलें, आणि पिण्याला मात्र थेंब नाहीं, अशी अवस्था असते. पातेलेंभर भुसभुशीत बर्फ वितळविलें तर तळाशीं थोडेंसें पाणी राहतें. उंचावरच्या कोरड्या हवेंत नुसत्या श्वासावाटे शरीरांतील पुष्कळ पाणी निघून जातें, म्हणून दररोज तीनचार लिटर पाणी पोटांत जावें लागतें. तेवढें बर्फ वितळवावयास तासन् तास स्टोव्ह चालू ठेवावा लागतो. शिवाय हवेचा दाब कमी असल्यामुळें पाणी लवकर उकळतें, तें पुरेसें तापत नाहीं. एव्हरेस्टच्या तळछावणीवर पाणी सुमारें ८३ अंशांवर उकळूं लागतें, आणि साउथ कोल नांवाच्या खिंडींत सुमारें ७५ अंशांवर. तेथें साध्या पातेल्यांत डाळ शिजत घालणें म्हणजे इंधन वाऱ्यावर सोडणें होय. म्हणून तळावर प्रेशर कुकर असतो, आणि वरच्या मुक्कामांवर नुसत्या गरम पाण्यानें तयार होणारें अन्न नेतात. खेळांतली आवा तंबूंत निश्चिंतपणें स्वयंपाक करते. खऱ्या आरोहकाला मात्र दार थोडें उघडें ठेवावें लागतें, कारण बंद तंबूंत जळणाऱ्या स्टोव्हमधून ज्याला वास नाहीं असा विषारी वायु सांचतो आणि माणूस झोंपेंतच दगावतो.

तिसरी गोष्ट माझ्या भाच्याच्या प्रश्नाची आहे, आणि तीच सर्वांत महत्त्वाची. जितकें उंच झोपावें तितकें बरें, हें खरें कां नाहीं? हिंगोली समुद्रसपाटीपासून सुमारें साडेचारशें मीटर उंचीवर आहे. एव्हरेस्टची तळछावणी ५,३०० मीटरांहून उंच आहे, आणि तेथें हवेचा दाब समुद्रकांठच्या दाबाच्या सुमारें निम्मा असतो. शिखरावर, म्हणजे ८,८४८ मीटरांवर, तो एक तृतीयांशाच्या आसपास येतो. हवेंतील प्राणवायूचें प्रमाण तेंच असलें तरी प्रत्येक श्वासांत येणारा प्राणवायु कमी होतो. शरीर याला हळूहळू सरावतें, परंतु त्याची घाई चालत नाहीं. ३,००० मीटरांच्या वर गेल्यावर झोंपण्याची उंची एका दिवसांत ५०० मीटरांहून अधिक वाढवूं नये आणि तीनचार दिवसांनीं एक दिवस त्याच उंचीवर विसांवा घ्यावा, असा वैद्यकीय सल्ला आहे. हा नियम मोडला तर आधीं डोकें दुखतें, जेवण जात नाहीं. आणि तरीही वर जाण्याचा हट्ट धरला तर फुप्फुसांत पाणी भरतें किंवा मेंदूला सूज येते. यावर पहिला आणि खरा इलाज एकच: ताबडतोब खालीं उतरणें.

म्हणूनच एव्हरेस्टवर एकापेक्षां अधिक मुक्काम असतात. नेपाळच्या बाजूनें तळाच्या वर साधारणतः चार छावण्या लागतात. पहिली सुमारें ६,००० मीटरांवर, दुसरी ६,४०० वर, तिसरी ७,२०० वर, आणि चौथी साउथ कोलवर, ७,९०० मीटरांच्या आसपास. आरोहक पहिल्या छावणीपर्यंत जातात आणि परत येतात. मग दुसरीपर्यंत, आणि पुन्हां परत. दिवसां उंच चढावें आणि रात्रीं खालीं येऊन झोंपावें, ही तेथील जुनी शिकवण आहे. १९९८ सालीं सुरेंद्र चव्हाण हे एव्हरेस्टवर पोंचणारे पहिले महाराष्ट्रीय ठरले. २०१२ च्या १९ मे रोजीं उमेश झिरपे यांच्या नेतृत्वाखालील पुण्याच्या गिरिप्रेमी संस्थेचे आठ आरोहक त्याच शिखरावर पोंचले, आणि २०१९ सालीं त्या संस्थेचे दहा जण कांचनगंगेवर उभे राहिले. वर्तमानपत्रांत शिखरावरचें चित्र छापून येतें. परंतु अशा मोहिमेचे बहुतेक दिवस छावण्यांमधल्या या येरझारांतच जातात. खेळांत हा भाग नसतो. असता तर मुलें कंटाळून उठलीं असतीं.

आणखी एक गोष्ट पडद्यावर नीटशी दिसत नाहीं. आवा आपला तंबू आपणच वाहून नेते. खऱ्या पर्वतावर तंबू कोणी वाहिला हें विचारावें लागतें. १९५३ सालीं हिलरी आणि तेनसिंग यांनीं एव्हरेस्टवर पाय ठेवण्यापूर्वींची रात्र सुमारें ८,५०० मीटरांवरच्या एका लहानशा तंबूंत काढली. तेथवर सामान पोंचवावयास जॉर्ज लो, आल्फ्रेड ग्रेगरी आणि आंग न्यिमा हे तिघे बरोबर गेले होते. ओझें खालीं ठेवून ते तिघे परत फिरले, आणि मागें राहिलेल्या दोघांनीं बर्फ व दगड उकरून तंबूपुरती ओबडधोबड जागा केली. पहांटे पाहतात तों बाहेर काढून ठेवलेले हिलरीचे बूट लांकडासारखे गोठलेले! ते स्टोव्हवर धरून मऊ करण्यांत जवळजवळ दोन तास गेले. शिखराचा मान दोघांना मिळाला, पण तो मुक्काम पांच जणांचा होता. १८ एप्रिल २०१४ रोजीं एव्हरेस्टच्या खुंबू हिमप्रपातांत बर्फाची दरड कोसळून सोळा नेपाळी माणसें गेलीं. वरच्या छावण्यांसाठीं सामान पोंचविणें आणि वाट तयार करणें याच कामावर तीं निघालीं होतीं.

आतां अखेरची गोष्ट. खेळांत तंबू ठोकला कीं तेथवरची मजल जमा होते. पुढें पाय घसरला तरी पुन्हां तेथूनच आरंभ करतां येतो. म्हणून खेळणारा तंबूकडे पुढें जाण्याची पायरी म्हणून पाहतो. पर्वतावर कोणतीही मजल कायमची जमा होत नाहीं. तेथें तंबू उभारतात तो परत येतां यावें म्हणून. शिखर दिसत असतांनाही दिवस कलला म्हणून किंवा हवा बदलली म्हणून जो पाठ फिरवितो, त्याला पाठीशीं कांहींतरी हवें असतें. एक निवारा, थोडें इंधन, गरम पाणी आणि वाट पाहणारें माणूस. तेनसिंग आणि हिलरी शिखरावरून उतरून साउथ कोलजवळ आले तेव्हां गरम पेय घेऊन लो सामोरा आला होता. वरच्या मुक्कामाचें बळ असें खालच्या मुक्कामांत असतें.

माझें हें पुराण ऐकून बहिणीनें हळूच विचारलें, "दादा, याला खरोखरच डोंगर चढावयास जावयाचें आहे. जाऊं देऊं का?" आईच्या या प्रश्नाला खेळ उत्तर देत नाहीं, आपणच द्यावें लागतें. मीं सांगितलें कीं, जाऊं दे, पण शिकून जाऊं दे. दार्जिलिंगला १९५४ पासून आणि उत्तरकाशीला १९६५ पासून गिर्यारोहण शिकविणाऱ्या संस्था आहेत. त्याआधीं सह्याद्रीच्या गडांवर जाणत्या मंडळींबरोबर चारदोन रात्रीं काढूं दे.

त्याच सायंकाळीं शेजाऱ्यांकडून एक तंबू मागून आणून मामा-भाचे गच्चीवर गेलों. पडद्यावर जें काम एक कळ दाबून होतें त्याला आम्हांला पाऊण तास लागला. सिमेंटांत खुंट्या शिरेनात. शेवटीं दोऱ्या विटांना आणि पाण्याच्या टाकीला बांधल्या. दोनदां वाऱ्यानें कापड उचललें. मध्यरात्रीं भाचा मोठ्या रुबाबांत आंत शिरला. पहांटे तीनच्या सुमारास मला जाग आली तेव्हां शेजारची जागा रिकामी होती. थंडी वाजूं लागल्याबरोबर चिरंजीव जिना उतरून आपल्या अंथरुणांत जाऊन झोंपले होते.

सकाळीं तो जरा ओशाळला होता. मी मात्र बहिणीला म्हणालों, "पोरगा खालीं उतरावयास शिकला आहे. आतां त्याला वर पाठवावयास हरकत नाहीं."