भोगवटा आपला, दाखला कुणाकडे?

मराठीतले 'भोगणे' हे क्रियापद मोठे सोशिक आहे. सुखही भोगायचे आणि शिक्षाही भोगायची. नगरपालिकेच्या कागदावर याच धातूपासून 'भोगवटा दाखला' निघाला. इमारत मंजूर नकाशाप्रमाणे बांधली आहे, ती राहण्यास योग्य आहे, आता खुशाल राहा, असे सांगणारे हे पत्र. बोलताना सगळे त्याला 'ओसी' म्हणतात. मीरा रोड-भाईंदरच्या जुन्या सोसायटीत सर्वसाधारण सभेला ही दोन अक्षरे कुणी उच्चारली, की सभा तासभर तरी लांबते आणि निर्णय पुढच्या सभेवर जातो.

दहिसरचा नाका ओलांडला की मुंबई संपते आणि ठाणे जिल्हा लागतो. एकेकाळी इथे मिठागरे, भातशेती आणि खाडी होती. १२ जून १९८५ रोजी पाच ग्रामपंचायती एकत्र करून मीरा-भाईंदर नगरपालिका झाली. २८ फेब्रुवारी २००२ रोजी महानगरपालिका. या दोन तारखांच्या दरम्यान गिरगावातली, लालबाग-परळमधली किती कुटुंबे चाळीतली खोली सोडून इथल्या 'वन रूम किचन'मध्ये आली! इमारती आधी उभ्या राहिल्या, शहर मागाहून आले.

मी बँकेत अधिकारी होतो, म्हणून फायलीच्या बाजूने ही गोष्ट सांगतो. घरकर्जाला काय लागे? नोंदलेला करारनामा, वकिलाचा टायटल सर्च रिपोर्ट, मंजूर नकाशा, एन.ए. परवानगी, बांधकाम सुरू करण्याचा दाखला, मूल्यांककाचा अहवाल. पैसे स्लॅबप्रमाणे सुटत. शेवटचा स्लॅब पडला की बँकेची रक्कम बहुतेक बिल्डरकडे पोचलेली असे आणि कर्जदाराचा हप्ता सुरू झालेला असे. भोगवटा दाखल्याची वेळ येते ती यानंतर. म्हणजे सर्वांत मोलाचा कागद मागायचा तेव्हा, जेव्हा मागणाऱ्याच्या हातात बिल्डरला अडवण्याजोगे काहीच उरलेले नसते. सगळ्या तंट्याचे मूळ मला या क्रमात दिसते.

कायदा गप्प होता असे नाही. महाराष्ट्राच्या १९६३ च्या मालकी सदनिका कायद्याचे तिसरे कलम सांगते की दाखला मिळेपर्यंत बिल्डरने ताबा देऊ नये. पुढे कंसात असेही म्हटले आहे की तोपर्यंत कुणी ताबा घेऊही नये. कायदा दोघांनाही दरडावतो. पण एका पगारातून घरभाडे आणि कर्जाचा हप्ता भरणारा माणूस समोर आलेली किल्ली परत करील का? तो गृहप्रवेश करतो, सत्यनारायण घालतो आणि बिल्डरच्या 'महिनाभरात येईल' या शब्दावर झोपी जातो.

दाखला अडतो त्याची कारणे अनेक. कुठे पार्किंगच्या जागेत गाळे काढलेले, कुठे नकाशात नसलेला मजला चढवलेला, कुठे पालिकेचे शुल्कच भरलेले नाही. त्यातून मीरा-भाईंदरची जमीन गुंतागुंतीची. खाडीकाठ म्हणून किनारपट्टीचे १९९१ पासूनचे निर्बंध. १९७६ चा जमीन कमाल मर्यादा कायदा, जो महाराष्ट्राने २००७ मध्ये रद्द केला. याच कायद्याखालच्या सवलतींवरून मीरा रोडला शांतीनगर उभारणाऱ्या शांतीस्टार बिल्डर्सचा खटला सर्वोच्च न्यायालयात गेला होता. जगण्याच्या हक्कात माणसाला साजेसा निवारा येतो, हे न्यायालयाने १९९० मध्ये त्याच निकालात सांगितले.

तो निवारा दाखल्याविना असला की महाग पडतो. महापालिका अधिनियमाच्या कलम २६७-अ प्रमाणे बेकायदा बांधकामावर मालमत्ता कराच्या दुप्पट शास्ती लावता येते (लहान घरांना नंतर सूट मिळाली). आणि ती भरली म्हणून बांधकाम नियमित झाले असे समजू नये, हेही तिथेच लिहिले आहे. पैसे घ्यायचे, पण ओळख द्यायची नाही!

मुंबईच्या समृद्धी सोसायटीचे रहिवासी १९९७ पासून असे राहत होते. २५ टक्के जादा मालमत्ता कर आणि ५० टक्के जादा पाणीपट्टी भरून ते ग्राहक आयोगात गेले. राष्ट्रीय आयोग म्हणाला, मुदत टळली. ११ जानेवारी २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते फिरवले. दाखला न मिळवणे ही सेवेतली त्रुटी आहे आणि तो मिळेपर्यंत चूक रोज चालूच राहते, असा तो निर्णय. जुन्या सोसायट्यांनी तो जपून ठेवावा.

मात्र वरळीच्या कॅम्पा कोला आवाराचाही निकाल शेजारी ठेवावा. तिथे मंजुरीपेक्षा कितीतरी जास्त मजले चढले होते. २७ फेब्रुवारी २०१३ च्या निकालाने ते वाचवले नाहीत. भरपाई बिल्डरकडे मागा, असे सांगितले. डोंबिवली परिसरात तर बनावट परवानग्यांवर रेराची नोंदणी मिळवलेल्या ६५ इमारती पाडण्याचा आदेश उच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२४ मध्ये दिला. कागद राहून जाणे आणि इमारतच खोटी असणे यांत फरक आहे, आणि तो रहिवाशाला बाहेरून दिसत नाही.

१७ डिसेंबर २०२४ रोजी मेरठच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने देशभरासाठी सूचना दिल्या. दाखला पाहिल्याशिवाय वीज, पाणी, मलनिस्सारणाची जोडणी देऊ नये, आणि इमारत तारण ठेवून कर्ज देताना बँकांनी तो तपासावा. प्रश्न पैसे सुटण्याआधी विचारला जावा, हा यातला खरा अर्थ आहे. बांधकाम चालू असलेल्या घराच्या कर्जातही शेवटचा मोठा हप्ता दाखल्यासाठी राखून ठेवला, तर बिल्डर स्वतःच पालिकेच्या जिन्याच्या पायऱ्या झिजवील.

उरतात त्या पस्तीस-चाळीस वर्षांच्या इमारती, ज्यांचे सज्जे आता सळया दाखवू लागले आहेत. पुनर्विकासाच्या वेळी हिशेब होणार तो मंजूर क्षेत्राचा, प्रत्यक्ष राहत्या क्षेत्राचा नव्हे. म्हणून माहितीच्या अधिकारात मंजूर नकाशाची प्रत काढावी, वास्तुविशारदाकडून ती इमारतीशी ताडून घ्यावी, जमीन सोसायटीच्या नावावर नसेल तर मानीव अभिहस्तांतरणाचा अर्ज करावा. पालिकेनेही थकलेल्या शुल्कामुळे अडलेल्या आणि नकाशा मोडून बांधलेल्या इमारतींच्या याद्या वेगळ्या कराव्यात. पहिल्या यादीतल्या लोकांना दाखला द्यावा आणि शुल्क बिल्डरकडून वसूल करावे. दुसऱ्या यादीतल्यांना आपण त्या यादीत आहोत, एवढे तरी इमारत थकण्यापूर्वी कळले पाहिजे.