चौकटीबाहेरचा सिनेमा (भाग ७) : कालिदास, दोन गणपतराव आणि अरुण खोपकर

डहाणू-जव्हारच्या बाजूला गेलं, की वारली पाड्यांवर लग्नघरात चौक लिहिलेला दिसतो. गेरूने सारवलेली कुडाची भिंत आणि तिच्यावर तांदळाच्या पिठाच्या पांढऱ्या रेघा. मधोमध पालघाट देवी. भोवती झाडं, जनावरं, माणसं, तारप्याच्या सुरावर धरलेला फेर. हे चित्र कुठूनही पाहायला सुरुवात करावी. नजर वाट काढेल तशी गोष्ट उलगडत जाते.

सिनेमाला अशी मोकळीक मिळेल का? नॉर्वेत एरिक लोखेनने ती देऊन पाहिली. जाझ संगीतात मुरलेल्या या दिग्दर्शकाने १९७२ साली पाच रिळांचा असा चित्रपट केला, की रिळं कोणत्याही क्रमाने लावावीत. म्हणजे एकाच चित्रपटाचे १२० क्रम! आज त्याचा नातू योआकिम ट्रियर जगभर गाजतो, आजोबांचं नाव मात्र थोड्यांनाच ठाऊक आहे.

मराठीत सिनेमाच्या भाषेचा असा मुळापासून विचार करणारा माणूस म्हणजे अरुण खोपकर.

१९७१ साली मणी कौल यांच्या ‘आषाढ का एक दिन’मध्ये ते कालिदास झाले. मल्लिका होत्या मराठी रंगभूमीवरच्या रेखा सबनीस. या चित्रपटाचे संवाद आधीच ध्वनिमुद्रित केले होते आणि चित्रण करताना ते वाजवले जात. बोलण्याच्या ओझ्यातून नट सुटला. त्याचं वळणं, थांबणं, खिडकीशी उभं राहणं हेच बोलू लागलं. आवाज आणि देह वेगवेगळे उमटू शकतात, हे खोपकरांनी कॅमेऱ्यासमोर उभं राहून अनुभवलं.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या खोपकरांनी पुढे इतर कलांनाच आपल्या सिनेमाचा विषय केलं. ‘फिगर्स ऑफ थॉट’मध्ये भूपेन खक्कर, नलिनी मलानी आणि विवान सुंदरम हे तीन चित्रकार आहेत. ‘संचारी’त भरतनाट्यम, ‘कलर्स ऑफ अ‍ॅबसेन्स’मध्ये जहांगीर सबावाला, ‘व्हॉल्यूम झीरो’त चार्ल्स कोरिया यांची वास्तुकला. चित्र, नृत्य, इमारत यांची लय वेगवेगळी. ती पडद्यावर कशी आणायची, हा प्रश्न प्रत्येक वेळी नव्याने सोडवावा लागतो.

‘नारायण गंगाराम सुर्वे’ हा त्यांचा लघुपट तर प्रत्येक मराठी माणसाने पाहावा असा आहे. मुंबईच्या रस्त्यावर सापडलेलं तान्हं मूल गंगाराम सुर्वे नावाच्या गिरणी कामगाराने घरी नेलं आणि ते मूल पुढे मराठीतला मोठा कवी झालं. खोपकरांनी खऱ्या सुर्व्यांसोबत अभिनित प्रसंग गुंफले. कवीची भूमिका केली किशोर कदम यांनी, जे स्वतः ‘सौमित्र’ या नावाने कविता लिहितात. २००२ सालच्या राष्ट्रीय पुरस्कारांत या लघुपटाला सुवर्णकमळ मिळालं.

‘कथा दोन गणपतरावांची’ (१९९६) हा त्यांचा कथापट. गोगोलच्या कथेतले भांडखोर शेजारी इथे दिलीप प्रभावळकर आणि मोहन आगाशे झाले आणि रशियन गोष्ट अस्सल मराठी मातीत रुजली.

एवढं काम असूनही आपल्याकडे खोपकर ओळखले जातात ते मुख्यतः लेखक म्हणून. ‘गुरुदत्त : तीन अंकी शोकांतिका’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, ‘चलत्-चित्रव्यूह’ला २०१५ साली साहित्य अकादमी. पुस्तकं वाचनालयात मिळतात; लघुपटांना मात्र थिएटर मिळत नाही. बोईसर-पालघरच्या एखाद्या महाविद्यालयाने एका दुपारी सुर्व्यांवरचा लघुपट दाखवला आणि नंतर मुलांना बोलू दिलं, तर ही उणीव थोडी तरी भरून निघेल.

पुढच्या आठवड्यात : १९७६चा ‘घाशीराम कोतवाल’ आणि बर्लिनमध्ये जपली गेलेली त्याची प्रिंट.