तामलवाडी ते पुणे, जाऊन-येऊन तीन मिलिसेकंद

सोलापूरहून तुळजापूरला निघालं की साधारण निम्म्या वाटेवर तामलवाडी लागतं. तिथून पुणे रस्त्याने पावणेतीनशे किलोमीटरच्या आसपास. काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर धावतो. फायबर सरळ रस्त्याच्या कडेने गेली आहे आणि मधे कुठे थांबा नाही असं धरलं, तर तामलवाडीहून निघालेला निरोप पुण्याला पोचून उत्तर घेऊन परत यायला तीन मिलिसेकंदसुद्धा लागत नाहीत. तीन मिलिसेकंद म्हणजे एका सेकंदाचे हजार भाग केले, तर त्यातले तीन.

हा हिशेब मांडायचं कारण असं, की मायक्रोसॉफ्टचं एक मोठं डेटा सेंटर 2015 पासून पुण्यात आहे, ॲमेझॉन आणि गुगल यांची केंद्रं मुंबई परिसरात आहेत आणि नोव्हेंबर 2025 मध्ये एक्सबॉक्सची क्लाउड गेमिंग सेवा भारतात अधिकृतपणे सुरू झाली. जिओची गेम्स क्लाउड सेवा त्याआधीपासून आहेच. महागडा संगणक किंवा कन्सोल घरात नसतानाही मोठे खेळ हातातल्या छोट्या यंत्रावर खेळता येतील, असं या सेवा सांगतात. मोठ्या शहरातल्या मुलांना ते जमेल, आपल्या गावाकडे कुठलं, हा आपल्याकडचा नेहमीचा समज. भौतिकशास्त्र मात्र त्याला दुजोरा देत नाही. तामलवाडीला अंतर आड येत नाही. आड येतात त्या गोष्टी बहुतेक घरातल्या आणि गल्लीतल्या आहेत, आणि त्यातल्या बऱ्याच आपल्या हातात आहेत.

या तंत्रात खेळ चालतो दूरच्या डेटा सेंटरमधल्या ताकदवान संगणकावर. तिथे तयार झालेलं प्रत्येक चित्र लगेच दाबून लहान केलं जातं आणि व्हिडिओच्या रूपात आपल्याकडे येतं. आपण बटण दाबलं की तेवढाच निरोप उलट जातो. हातातल्या यंत्राचं काम उरतं ते व्हिडिओ उलगडून दाखवण्याचं आणि बोटांची हालचाल कळवण्याचं. म्हणून त्यासाठी स्टीम डेक किंवा आरओजी ॲलायसारखा खास हँडहेल्डच हवा असं नाही. बऱ्यापैकी नवा फोन आणि त्याला दोन्ही बाजूंनी अडकवायचा कंट्रोलर एवढ्यावरही काम भागतं.

कल्पना नवी नाही. अमेरिकेत ऑनलाइव्ह नावाच्या कंपनीने 2010 मध्ये ही सेवा सुरू केली आणि 2015 मध्ये ती बंद पडली. गुगलची स्टेडिया नोव्हेंबर 2019 मध्ये आली, जानेवारी 2023 मध्ये गेली. स्टेडियाचं तंत्र चालत होतं, पुरेसं गिऱ्हाईक मात्र जमलं नाही. दरम्यान व्हिडिओ दाबण्याच्या पद्धती सुधारत गेल्या. 2003 ची एच.264, 2013 ची एचईव्हीसी आणि 2018 ची एव्ही1 या तीन पिढ्यांनी हे सगळं शक्य केलं. त्यांचं काम किती अवघड आहे ते आकड्यांतून कळतं. 1920 गुणिले 1080 ठिपक्यांचं चित्र सेकंदाला 60 वेळा पाठवायचं, तर मुळात सेकंदाला जवळजवळ 3 गिगाबिट माहिती होते. आपल्यापर्यंत येतात 20 मेगाबिट. म्हणजे दीडशेपट आकुंचन, तेही प्रत्येक चित्रामागे काही मिलिसेकंदांत.

मग यूट्यूब व्यवस्थित चालतं त्याच नेटवर खेळ का अडखळतो? तामलवाडीतच कशाला, पुण्यातल्या फ्लॅटमध्येही हा प्रश्न पडतो. सिनेमा पाहताना पुढच्या काही सेकंदांचा व्हिडिओ आधीच उतरवून ठेवलेला असतो. नेट क्षणभर गेलं तरी त्या साठ्यावर भागतं. सिनेमा दाबून लहान करणाऱ्या यंत्रणेलाही भरपूर वेळ असतो. पुढची चित्रं आधी पाहून ती कुठे काटकसर करायची ते ठरवते. खेळात ही सोय नाही. पुढचं चित्र तुमचा अंगठा काय करतो यावर ठरणार, म्हणजे ते अजून जन्मालाच आलेलं नाही. साठवणार काय? त्यामुळे खेळाला सिनेमापेक्षा जास्त बिट लागतात आणि ते ठरल्या वेळीच यावे लागतात. उशिरा पोचलेलं चित्र फेकून द्यावं लागतं.

खेळाचा वेग सेकंदाला 60 चित्रांचा असेल, तर प्रत्येक चित्राच्या वाट्याला साडेसोळा मिलिसेकंदांच्या जरा वर येतात. बटण दाबल्यापासून पडद्यावर परिणाम दिसेपर्यंतचा काळ जोडत गेलं की समजतं: घरातल्या वायफायचे दोन-पाच, पुढच्या जाळ्याचे पाच ते चाळीस, सर्व्हरवर खेळाचा विचार होऊन चित्र तयार व्हायला एक-दोन चित्रांचा वेळ, दाबायला आणि उलगडायला मिळून दहाएक, आणि पडद्याचे स्वतःचे थोडे. सगळं नीट असेल तर बेरीज साठ ते शंभरच्या घरात राहते. घरी कन्सोल जोडून खेळलं तरी अनेक खेळांत जवळपास तेवढाच काळ जातो. म्हणून चांगल्या जोडणीवर खेळणाऱ्याला फरक जाणवत नाही.

बिघडलं की किती बिघडतं? क्रिकेटचा खेळ घ्या. ताशी 140 किलोमीटर वेगाचा चेंडू शंभर मिलिसेकंदांत जवळजवळ चार मीटर पुढे येतो. पडद्यावर चेंडू टप्प्याजवळ दिसतो, पण सर्व्हरच्या लेखी तो बॅटपाशी पोचलेला असतो. विलंब कायम चाळीसचा असेल तर हाताला त्याची सवय होते आणि अंगठा आपोआप थोडा आधी दाबला जातो. तोच विलंब कधी वीस, कधी एकशेवीस असा नाचू लागला तर कुठलीच सवय उपयोगी पडत नाही. या नाचण्याला जिटर म्हणतात. माझ्या मते या सगळ्या विषयात तोच खरा खलनायक आहे, आणि जाहिरातीत त्याचा आकडा कधीच दिसत नाही.

जिटरचं घरातलं मुख्य कारण बहुतेकांना माहीत नसतं. तामलवाडीच्या टोलनाक्यावर पाहा: रस्ता रुंद आहे, गाड्या वेगात आहेत, पण नाक्यापाशी ट्रकची रांग लागली की रुग्णवाहिकाही त्याच रांगेत उभी राहते. राऊटरमध्ये नेमकं हेच घडतं. घरात कुणी फोनवरून लग्नाचे व्हिडिओ गुगल फोटोजवर चढवायला लावले, की राऊटर ती पाकिटं रांगेत साठवत जातो, आणि बटणाचा इवलासा निरोप त्या रांगेच्या शेपटाला लागतो. जिम गेटिस या अभियंत्याने 2010 च्या सुमारास या दुखण्याकडे जगाचं लक्ष वेधलं आणि त्याला बफरब्लोट हे नाव रूढ झालं. 2012 मध्ये कॅथलीन निकोल्स आणि व्हॅन जेकबसन यांनी रांग आटोक्यात ठेवण्याची कोडेल ही पद्धत मांडली. राऊटरच्या सेटिंगमध्ये एसक्यूएम किंवा क्यूओएस असा पर्याय दिसला, तर तो सुरू करावा आणि वेगाची मर्यादा मोजलेल्या वेगाच्या नव्वद टक्क्यांच्या आसपास ठेवावी. दहा टक्के वेग सोडला की रांग राऊटरच्या ताब्यात येते आणि लहान निरोपांना पुढे काढता येतं. पर्याय नसेल तर खेळताना फोनचे आपोआप होणारे बॅकअप थांबवावेत. उपाय साधा आहे, पण परिणाम लगेच दिसतो.

नंतर येतं वायफाय. मराठवाड्यातल्या जुन्या घरांच्या दगडी, मातीच्या जाड भिंती आणि वरचं माळवद उन्हाळ्यात गारवा देतात. रेडिओलहरींना मात्र त्या जड जातात. पत्र्याच्या खोलीत वेगळी अडचण होते, कारण धातू लहरी परतवतो. राऊटर बहुधा केबल जिथून घरात शिरते तिथेच, लोखंडी कपाटाच्या मागे नाहीतर टीव्हीखाली टांगलेला असतो. तो उघड्यावर, छातीच्या उंचीवर, खेळायच्या खोलीच्या दारासमोर आणावा. 2.4 गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात एकमेकांवर न चढणारे चॅनल जेमतेम तीन, आणि त्यातच शेजाऱ्यांचे राऊटर, ब्लूटूथ, मायक्रोवेव्ह. 5 गिगाहर्ट्झचा पट्टा मोकळा असतो, पण जाड भिंत ओलांडताना दमतो. म्हणून 5 गिगाहर्ट्झ निवडावं आणि राऊटरच्या खोलीतच बसावं. भिंत आड येतच असेल, तर भिंतीतून एक लॅनची वायर काढून पलीकडे दुसरा ॲक्सेस पॉइंट लावावा. वायफायवरच चालणारे स्वस्त रिपीटर विलंब वाढवतात. खेळासाठी त्यांच्यावर पैसे घालू नयेत.

हँडहेल्डवर काय बदलायचं? चित्राचा आकार पडद्याएवढाच ठेवावा. स्टीम डेकचा पडदा 1280 गुणिले 800 ठिपक्यांचा आहे. त्यावर 4के मागवणं म्हणजे बँडविड्थची उधळपट्टी. 720पी साठी 10 ते 15 मेगाबिटपासून सुरुवात करून, चित्र फाटत नाही तोवर हळूहळू वाढवत न्यावं. कुठेतरी काटकसर करायची वेळ आली तर चित्राचा आकार कमी करावा, 60 चा वेग सोडू नये, कारण 30 वर आलं की प्रत्येक चित्रामागचा काळ दुप्पट होतो. व्हिडिओ उलगडण्याचं काम हार्डवेअर डीकोडरकडे आहे ना, हे तपासावं. वायफायची वीजबचत बंद करावी. स्टीम डेकमध्ये ती सोय डेव्हलपर पर्यायांत आहे. आणि ब्लूटूथ इअरफोन काढून ठेवावेत. त्यांच्यात आवाज शंभर-दोनशे मिलिसेकंद मागे पडू शकतो. नेटचे पाच मिलिसेकंद वाचवायचे आणि कानात दोनशे घालवायचे, यात हशील नाही.

एक फायदा मात्र आपसूक मिळतो. मोठा खेळ स्वतः चालवताना स्टीम डेकची मुख्य चिप 15 वॅटपर्यंत वीज खाते आणि पहिल्या मॉडेलची 40 वॅट-तासांची बॅटरी दोनेक तासांत उतरते. फक्त व्हिडिओ उलगडायचा असेल तर ती कितीतरी जास्त टिकते. सोलापूर-धाराशिव पट्ट्यातल्या एप्रिल-मे महिन्यांत यंत्र थंड राहतं, हा लाभही लहान नाही.

ज्यांच्याकडे चांगला संगणक आधीच आहे, त्यांच्यासाठी मला अधिक आवडणारा मार्ग आहे. नोकरी-शिक्षणासाठी पुण्यात राहणाऱ्या मुलाचा संगणक तिथल्या खोलीत असतो आणि दिवाळीला तो गावी येतो. त्या संगणकावर सनशाइन आणि हातातल्या यंत्रावर मूनलाइट ही मोफत, मुक्त-स्रोत सॉफ्टवेअर टाकली, की आपलं स्वतःचंच छोटं क्लाउड तयार होतं. यात दोन गोष्टी पाहाव्या लागतात. पुण्यातल्या जोडणीचा अपलोड वेग पुरेसा हवा, कारण चित्र तिथून बाहेर पडणार. दुसरी अडचण पत्त्याची: आपल्याकडे बऱ्याच कंपन्या अनेक ग्राहकांना एकाच आयपीव्ही4 पत्त्यामागे ठेवतात, त्यामुळे बाहेरून थेट आत शिरता येत नाही. टेलस्केलसारखं खासगी जाळं किंवा आयपीव्ही6 वापरून ती सुटते; आयपीव्ही6 च्या वापरात भारत जगात आघाडीवर आहे, त्याचा इथे उपयोग होतो. मात्र अशा जोडणीत पाकिटं कधी तिसऱ्याच देशातल्या सर्व्हरवरून वळसा घेतात. पिंग, म्हणजे निरोप जाऊन परत यायला लागणारे मिलिसेकंद, अचानक दीडशेवर गेलं तर जोडणी थेट झालेली नाही, असं समजावं.

डेटाही मोजून पाहावा. 15 मेगाबिटने तासभर खेळलं तर पावणेसात जीबी खर्च होतात. दिवसाला 2 जीबी देणाऱ्या मोबाइल प्लॅनवर अठरा मिनिटांत खेळ संपतो. त्यामुळे फायबर, ती नसेल तर 5जीवर चालणारी एअरफायबर, आणि शेवटी मोबाइल, असा क्रम लावावा. टॉवर सर्वांचा सामायिक असतो. अश्विनी पौर्णिमेला सोलापूरहून तुळजापूरला पायी निघालेल्या भाविकांनी हा रस्ता फुललेला असतो; एवढे फोन एकाच टॉवरवर आले की तुमच्या पाकिटांना थांबावं लागणारच. जमिनीखालच्या फायबरवर त्या गर्दीचा भार असा थेट पडत नाही. वीज गेली तर राऊटरही जातो. बहुतेक घरगुती राऊटर 12 व्होल्टवर चालतात आणि त्यांच्यासाठी छोटे डीसी यूपीएस बाजारात मिळतात. घरात इन्व्हर्टर असेल तर त्याचं बटण यूपीएस मोडवर ठेवावं, म्हणजे वीज जाता-येता राऊटर पुन्हा पहिल्यापासून सुरू होत नाही.

राहिला प्रश्न तीन मिलिसेकंदांचा. प्रत्यक्षात ते तीन कधीच नसतात. डेटा एसटीच्या मार्गाने जात नाही; वेगवेगळ्या कंपन्यांची जाळी जिथे एकमेकांना जोडली आहेत तिथून तो वळतो, आणि महाराष्ट्रात असं सर्वांत मोठं ठिकाण मुंबई आहे. पुण्याला जाणारं पाकीट मुंबईला शिवून आलं तरी प्रकाशाचा प्रवास सहा-सात मिलिसेकंदांत होतो. चांगल्या फायबरवर मुंबई-पुण्याचं पिंग वीसच्या आत यायला हवं. पन्नास-साठ दिसलं आणि सर्व्हर परदेशात नसेल, तर दोष वाटेतल्या जोडणीत आहे, गावाच्या जागेत नाही.

ग्राहक म्हणून हे विचारण्याचा आपल्याला हक्क आहे. ट्रायच्या 2024 च्या सेवा-गुणवत्ता नियमांत वेगासोबत विलंबाचेही निकष घालून दिले आहेत. जोडणी द्यायला आलेला माणूस शंभर एमबीपीएस, दोनशे एमबीपीएस सांगेल. त्याला पिंग किती, जिटर किती, रात्री नऊ वाजता किती, असं विचारा. आणि पैसे भरण्याआधी त्याच कंपनीचं नेट वापरणाऱ्या शेजाऱ्याकडे जाऊन, सगळं गाव टीव्ही आणि मोबाइलवर असतं त्या वेळी, ते स्वतः मोजून पाहा.