गेममधल्या आज्जीला लुगडं का मिळंना? पात्राचं रूप घडवायचं म्हणजे काय, आणि पैसे कुठं जातात

गारगोटी : गेल्या मे महिन्याच्या सुट्टीत बारावीला गेलेली माझी पुतणी दोन दिवस लॅपटॉपसमोर बसून होती. मला वाटलं मारामारीचा काहीतरी गेम असेल. जवळ जाऊन बघितलं तर पडद्यावर एक म्हातारी बाई उभी. "काका, आज्जीचं नाक जरा बसकं होतं न्हवं?" तिनं विचारलं. आमची आई जाऊन तीन वर्षं झाली. पोरगी गेममध्ये तिला घडवत होती.

नाक जमलं, कपाळ जमलं, रंगही जमला. अडलं ते लुगड्यापाशी. शेकडो कपडे बघितले, पण नऊवारी काही मिळंना. "इतकं सगळं हाय, आन् एक लुगडं न्हाई?" असं म्हणून ती माझ्याकडं बघायला लागली. माझ्याकडं उत्तर नव्हतं. मग चार दिवस तिच्या शेजारी बसून समजून घेतलं. आपल्या तालुक्यात घरोघरी पोरं असले गेम खेळतात, आणि आईवडलांना त्यातलं काही कळत नाही, म्हणून ही माहिती.

हा गेम कसला?

याचं नाव 'द सिम्स ४'. यात हरणं-जिंकणं नाही. माणूस तयार करायचा, त्याला घर बांधून द्यायचं, नोकरी लावायची, जेवायला-झोपायला लावायचं. त्याचं लग्न होतं, भांडण होतं, म्हातारपण येतं, मरणही येतं. थोडक्यात बाहुला-बाहुलीचा संसारच, पण संगणकावरचा.

ही मालिका फेब्रुवारी २००० मध्ये सुरू झाली. ती तयार करणारे विल राइट अमेरिकेत ओकलंडला राहायचे. १९९१ च्या मोठ्या आगीत त्यांचं घर जळालं. संसार पुन्हा उभा करताना एकेक वस्तू घ्यावी लागली, त्यातनं या गेमची कल्पना पुढं आली. 'सिम्स ४' सप्टेंबर २०१४ मध्ये आला आणि ऑक्टोबर २०२२ पासून मूळ गेम फुकट झाला. त्यामुळं कॉलेजच्या पोरांच्या साध्या लॅपटॉपवरही तो दिसायला लागला. मोबाईलवर हा गेम चालत नाही, संगणक किंवा टीव्हीला जोडायचं गेमचं यंत्र लागतं.

चेहरा कसा घडतो?

पहिल्या गेममध्ये फार काही करता येत नव्हतं. तयार डोकं निवडा, तयार अंग निवडा, आणि कातडीचा रंग तीनपैकी एक : उजळ, मध्यम, सावळा. २००४ च्या दुसऱ्या भागात आईबापाचं रूप लेकरात उतरायला लागलं.

आता चौथ्या भागात कुंभारानं माती दाबावी तसं काम चालतं. माऊसनं गाल धरायचा आणि ओढायचा, की गाल वर येतो. नाक दाबलं की बसकं होतं. अजून जवळ जाऊन नाकपुडी, पापणी, ओठाची कड वेगळी धरता येते. अंग जाड-बारीक करायला आणि दंड भरायला वेगळी पट्टी आहे. वयाचे टप्पे तान्ह्या लेकरापासून म्हाताऱ्यापर्यंत. चाल निवडता येते, आवाज निवडता येतो. स्वभावही द्यावा लागतो. मोठ्या माणसाला तीन स्वभाव. पुतणीनं आज्जीला एक तापटपणा दिलाच, आणि तो बरोबरच होता.

रंगाची गोष्ट नीट सांगायला पाहिजे. बरीच वर्षं या गेममधल्या सावळ्या रंगाविषयी तक्रार होती. सावळा माणूस केला की तो राखाडी, मातकट दिसायचा, केसाच्याही जाती कमी. खेळणाऱ्यांनी ती तक्रार लावून धरली. डिसेंबर २०२० मध्ये कंपनीनं शंभराहून जास्त नव्या छटा दिल्या, आणि एकाच रंगाला गडद-फिकट करायची पट्टीही दिली. उन्हात राबलेल्या बाईचा जो तांबूस सावळा रंग असतो, तो आता जमतो. आमच्या आईचा जमला.

हे बारीक वाटेल, पण तसं नाही. आपल्याकडं फोटो काढला तरी स्टुडिओवाला न विचारता चेहरा गोरा करून देतो. लग्नाच्या फ्लेक्सवर नवरी ओळखू येत नाही. पोरीनं आपल्या आज्जीचा खरा रंग शोधायला अर्धा तास घालवला, हे मला तरी चांगलं वाटलं.

मग लुगडं का नाही?

गेममध्ये कपडा नेसवत नाहीत. तिथं कापड नसतंच. कपडा म्हणजे अंगावर चढवलेलं दुसरं टरफल. त्या टरफलावर रंगाचं चित्र चिकटवलेलं असतं. अंगाच्या आत हाडांचा सांगाडा असतो, तो हलला की टरफल त्याच्याबरोबर हलतं.

पँट-शर्टाला हे सोपं. नऊवारीचं तसं नाही. पुढं निऱ्या, पाठीमागं कासोटा, पदर खांद्यावरनं खाली. बाई मांडी घालून बसली की निऱ्या पसरतात, वाकली की पदर सुटतो. टरफलाला हे कळत नाही. पात्र बसलं की निऱ्या मांडीत घुसतात, चाललं की पाय कापडातनं बाहेर दिसतो. म्हणून नऊवारी बनवायची तर कारागिराला प्रत्येक हालचाल तपासत बसावं लागतं.

पण अडचण एवढीच नाही. कुणाचा कपडा बनवायचा हे कंपनी ठरवते, आणि आपण त्यांच्या यादीत फार वर नाही. २०१६ च्या 'सिटी लिव्हिंग' या जोडभागात भारतीय धाटणीचं काही आलं. ऑक्टोबर २०२१ मध्ये 'फॅशन स्ट्रीट किट' आलं, ते चक्क मुंबईच्या फॅशन स्ट्रीटवरनं. चर्चगेटजवळच्या त्या रस्त्यावर आपल्यातली कितीतरी पोरं जीन्स घ्यायला गेलीत. म्हणजे मुंबईची शहरी फॅशन गेममध्ये पोचली. कोल्हापूरचं लुगडं, साज, फेटा अजून पोचला नाही. आणि ही दोन्ही जोडसामानं विकत घ्यायची, फुकटच्या गेममध्ये ती येत नाहीत.

पोरगीनं काय केलं?

जे कंपनी देत नाही ते खेळणारेच बनवतात. जगभर अशी हौशी मंडळी आहेत. 'ब्लेंडर' नावाचं सॉफ्टवेअर फुकट मिळतं, त्यात कपड्याचा आकार करायचा. 'सिम्स ४ स्टुडिओ' हे दुसरं साधन, तेही फुकट. त्यातनं गेमला समजेल अशी फाईल तयार होते. ती गेमच्या 'मॉड्स' नावाच्या फोल्डरमध्ये टाकायची, गेमच्या सेटिंगमध्ये परवानगी चालू करायची, गेम बंद करून पुन्हा उघडायचा. गेमचा नवा अपडेट आला की ही परवानगी आपोआप बंद होते, पुन्हा चालू करावी लागते. बऱ्याच पोरांना वाटतं कपडे उडाले, पण ते तिथंच असतात.

यात सोपं आणि अवघड असा फरक आहे. कपाळाचं कुंकू, हातावरचं गोंदण हे सपाट चित्र असतं. संगणकावर काढलं आणि चिकटवलं की झालं. बोरमाळ, ठुशी, नथ यांना आकार लागतो, त्यामुळं ते जरा अवघड. नऊवारी सगळ्यात अवघड.

पुतणीनं गोंदणापासून सुरुवात केली. आईच्या डाव्या हातावर तुळशीवृंदावन होतं. कुणाच्याच मोबाईलमध्ये त्याचा नीट फोटो नव्हता. मग मोठ्या आत्याला फोन लावला. तिनं तिच्या हातावरचं दाखवलं, दोघींनी एकाच बाईकडनं गोंदून घेतलं होतं म्हणे. ही गोष्ट मला पन्नाशीजवळ आल्यावर कळली. आईची अशी चौकशी आम्ही भावंडांनी कधी केलीच नव्हती.

पैसे जातात कुठं?

आता दुसरी बाजू. याच घरात दोन वर्षांपूर्वी एका मोबाईल गेमनं आम्हाला झटका दिला होता. धाकट्या पोरानं पात्राला जाकीट आणि बूट घेतले. माझ्या फोनवर, माझ्या खात्यातनं. दहा दिवसाचं दुधाचं बिल जमा झालं होतं, त्यातले १,४८० रुपये गेले. पिन त्याला माहीत होता, कारण रिचार्ज त्यालाच करायला सांगायचो. चूक त्याची तेवढीच माझी. पैसे परत मिळाले नाहीत.

गेम फुकट असतो, रूपाचे पैसे असतात. धंदाच तसा आहे. जाकीट घातल्यानं पात्राची ताकद वाढत नाही, फक्त दिसणं बदलतं. पण वर्गातल्या चार पोरांकडं आहे म्हटल्यावर पाचव्याला पाहिजे असतं. जत्रेत गॉगलसाठी रडणारं पोर आपण ओळखतो, हे त्यातलंच, फक्त आपल्याला दिसत नाही.

दुसरं म्हणजे घेतलेला कपडा आपला होत नाही. 'द सिम्स मोबाईल' हा याच मालिकेतला फोनवरचा गेम २०१८ मध्ये आला, आणि २० जानेवारी २०२६ ला कंपनीनं तो बंद केला. ज्यांनी त्यात पैसे घालून कपडे घेतले, घरं सजवली, ते सगळं त्याच्याबरोबर गेलं. कपाटातली साडी तशी जात नाही.

२०२५ मध्ये केंद्रानं ऑनलाइन गेमिंगचा कायदा केला, त्यात पैसे लावून पैसे जिंकायच्या खेळांवर बंदी आहे. गेममध्ये कपडे विकत घेणं त्यात येत नाही. म्हणजे सरकारनं बंदी घातली, आता काळजी नाही, असं समजू नये.

पालकांनी एवढं करावं

१. यूपीआयचा पिन पोरांना देऊ नये. आधी दिला असेल तर आजच बदलावा.

२. प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये प्रत्येक खरेदीला पासवर्ड किंवा बोटाचा ठसा मागायची सोय आहे, ती चालू करावी. यूपीआय ॲपमध्ये 'ऑटोपे'ची यादी असते, तीही महिन्यातनं एकदा बघावी.

३. गेमचं वय बघावं. 'सिम्स ४' ला युरोपात १२ आणि अमेरिकेत १३ वर्षांपुढचा दर्जा आहे. त्यात प्रेम, लग्न, मरण सगळं आहे. लहान पोरासाठी तो नाही.

४. बाहेरनं कपडे उतरवून घेताना जपावं. कपड्याला साधी 'पॅकेज' फाईल पुरते. कपड्याच्या नावाखाली इन्स्टॉल करायचा प्रोग्राम किंवा 'स्क्रिप्ट' फाईल आली तर उघडू नये. २०२४ च्या सुरुवातीला अशा फाईलींतनं व्हायरस पसरले होते.

५. हौशी माणसांनी केलेले कपडे शेवटी सगळ्यांना फुकट मिळाले पाहिजेत, असा कंपनीचाच नियम आहे. थोडे दिवस आधी देण्यासाठी पैसे घेता येतात, कायमचे नाही. कुणी कायम पैसे मागत असेल तर देऊ नये.

६. फसवणूक होऊन पैसे गेले तर लगेच १९३० या क्रमांकावर फोन करावा. उशीर झाला की पैसे अडवणं अवघड होतं.

शिकण्यासारखं काय?

वेशभूषा हा कोल्हापूरचा जुना धंदा. बाबूराव पेंटरांनी इथं महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली, १९२० मध्ये 'सैरंध्री' केला. पडदे रंगवणं, दागिने बनवणं, कपडे शिवणं हे सगळं इथल्या माणसांनी हातानं केलं. आज तेच काम संगणकावर होतं. ज्या पोराला ब्लेंडरमध्ये फेट्याचा पीळ दाखवता येतो, त्याला पुढं सिनेमा, जाहिरात, गेम अशा ठिकाणी काम मिळायची शक्यता आहे. शाळेत चित्रकला चांगली असणाऱ्या पोरांनी हे करून बघायला हरकत नाही. खर्च नाही, फक्त लॅपटॉप लागतो आणि चिकाटी लागते.

२०२५ च्या जून महिन्यात इटलीतल्या एका मोठ्या कंपनीनं आपल्या चपलेसारखी चप्पल मंचावर आणली, आणि कोल्हापूरचं नाव घेतलं नाही म्हणून गदारोळ झाला. नंतर त्यांनी मान्य केलं. कोल्हापुरी चपलेला २०१९ पासून भौगोलिक मानांकन आहे, म्हणून बोलता तरी आलं. उद्या गेममध्ये आपलं लुगडं, आपला साज येणारच आहे. तो इथल्या पोरांनी बनवलेला असावा, की दुसऱ्या कुणीतरी फोटो बघून अंदाजानं केलेला, एवढाच प्रश्न आहे.

पुतणीचं लुगडं अजून पूर्ण झालं नाही. उभं राहिलं की बरं दिसतं, बसलं की कासोटा गायब होतो. गोंदण मात्र हुबेहूब जमलंय. परवा तिचा बाप, म्हणजे माझा थोरला भाऊ, रानातनं आला, पडद्याकडं बघत उभा राहिला आणि म्हणाला, "हातात पाटल्या न्हाईत. आई पाटल्यांशिवाय कधी दिसली न्हाई." आता पाटल्यांचं काम चालू आहे.