वहीत नाव कुणाचं?

मैत्रिणींनो, सकाळची धार झाली असेल, डेअरीला दूध घालून आला असाल. आज बोलायचंय पुस्तकांविषयी, विद्यापीठात वाचतात त्या जाड इंग्रजी पुस्तकांविषयी. पण रेडिओ बंद करू नका. ही पुस्तकं आपल्याच उसाविषयी आहेत.

सत्ता, आधुनिकता, विकास असले शब्द त्यांत सारखे येतात. आम्हालाही आधी वाटलं, आपल्याला काय करायचंय? आमच्या गटातल्या एका काकींची नात विद्यापीठात शिकते. तिनं सुट्टीत आम्हाला त्यातलं मराठीत सांगितलं. थोड्या वेळानं आम्हीच तिला थांबवायला लागलो, "अगं, हे तर आपल्या गावात असंच चालतं!"

बी. एस. बाविस्कर हे दिल्ली विद्यापीठात समाजशास्त्राचे प्राध्यापक होते. त्यांनी नगर जिल्ह्यातल्या कोपरगावच्या सहकारी साखर कारखान्याचा अभ्यास केला. त्यावरचं 'द पॉलिटिक्स ऑफ डेव्हलपमेंट', म्हणजे विकासाचं राजकारण, हे पुस्तक १९८० साली निघालं. कारखाना आला की नुसती साखर होत नाही, हे त्यात दिसतं. नोकऱ्या कुणाला लावायच्या, ठेके कुणाला द्यायचे, रस्ता कुठून न्यायचा, हे ठरवण्याची ताकद संचालकांच्या हातात येते. तीच ताकद पुढं निवडणुकीत कामाला येते. यंत्रं नवी आली, भोंगा वाजू लागला, पण आत भावकी, पाहुणे-रावळे आणि गट जुनेच. आपल्या जिल्ह्यात हे कुणाला वेगळं सांगायला नको.

मग असा कारखाना बुडत कसा नाही? याचं उत्तर डोनाल्ड अॅटवुड या कॅनडात शिकवणाऱ्या अभ्यासकाच्या पुस्तकात सापडतं. 'रेझिंग केन' हे त्यांचं पुस्तक १९९२ सालचं. मुद्दा साधा आहे. तोडलेला ऊस लवकर गाळला नाही तर उतारा घटतो, म्हणून तोड, वाहतूक आणि गाळप यांचा मेळ बसावाच लागतो. एकट्या बागायतदाराच्या उसावर कारखाना पूर्ण चालत नाही, त्याला छोट्यांचा ऊस लागतोच. शिवाय सहकारात एका सभासदाला एकच मत. शेअर एक असो की पन्नास, मत एकच. म्हणून मोठ्याला छोट्याची विचारपूस ठेवावी लागते. कारभार वाईट झाला की बुडतातही कारखाने, ते आपण पाहिलंय. पण जिथं टिकले, तिथं ही गरज होती.

इथं आमच्या आक्कांनी एक प्रश्न विचारला आणि सगळ्या गप्प झाल्या. "एका सभासदाला एक मत, खरं. पण सभासद कोण?"

उसाचा सभासद व्हायला ऊस पिकवणारी जमीन लागते. सातबारा सासऱ्याच्या नाहीतर नवऱ्याच्या नावावर. भांगलण आपण करतो, लागणीला आपण वाकतो, पण चिटबॉय तोडीचं विचारायला येतो तो "मालक आहेत का घरात?" असंच म्हणत. बाविस्कर आणि अॅटवुड यांनी मिळून १९८८ साली सहकारावरच्या लेखांचं एक पुस्तक संपादित केलं, त्याचं नाव 'हू शेअर्स?', म्हणजे वाटा कुणाला? नाव ऐकूनच आम्हाला ते आपलं वाटलं.

बायकांच्या नावानं कारखाना झालाच नाही, असंही नाही. आपल्याच भुदरगड तालुक्यात तांबाळ्याला महिलांचा सहकारी साखर कारखाना उभा राहिला. पुढं तो अडचणीत आला आणि खासगी कंपनीकडे चालवायला गेला. पाटी बायकांची असली म्हणजे पैसा आणि यंत्रणा आपोआप हातात येत नाही, हेही आपण समजून घ्यायला हवं.

दुधाचं मात्र वेगळं आहे. गावच्या दूध संस्थेचा सभासद व्हायला सातबारा लागत नाही, जनावर आणि दूध लागतं. वैरण आपण आणतो, शेण आपण काढतो, धार आपण काढतो. फॅट किती लागली ते तोंडपाठ आपल्याला असतं. पण पासबुकावर नाव कुणाचं? दिवाळीचा फरक कुणाच्या खात्यावर जमा होतो? आणि पुढं बघा. गोकुळ म्हणजे आपला जिल्हा दूध संघ १९६३ सालचा. त्याच्या निवडणुकीत गावची संस्था ठराव करते आणि ज्याच्या नावाचा ठराव, तो मत देतो. त्या ठरावासाठी किती गाड्या गावात येतात ते आपण बघतोच. जी संस्थेची सभासदच नाही, तिला त्या ठरावात काय विचारणार?

संचालक मंडळात बायकांसाठी दोन जागा राखीव असतात. पण निवडणूक लढवायला आधी सभासद व्हावं लागतं. नाहीतर चेअरमनच्या घरातलीच नावं फिरत राहतात. त्या वहिनींचा दोष नाही, त्यांना सभेला कुणी बोलवतच नाही.

सभासदाला संस्थेचे पोटनियम आणि ताळेबंद बघायचा हक्क कायद्यानं आहे. वार्षिक सभा दर वर्षी ३० सप्टेंबरच्या आत व्हावी लागते. घरात सभासद असेल तर त्याच्याकडून पोटनियम मागवा. शेअर आपल्या नावावर करून घेता येतो का, की नवा घ्यावा लागेल, ते त्यात सापडतं.

आमच्यातल्या तिघींनी अर्ज केले. सचिव म्हणाले, "घरात एक शेअर आहे की, दुसरा कशाला?" आम्ही भांडलो नाही. पोटनियमात तसं कुठं लिहिलंय ते दाखवा म्हणालो, आणि अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच मागितली. दुसऱ्या दिवशी शिक्का मिळाला. एकीच्या घरी त्यावरून दोन दिवस अबोला होता. तिसऱ्या दिवशी नवराच म्हणाला, फोटो लागतील का गं दोन? अर्ज आता पुढच्या महिन्याच्या मीटिंगला आहेत. काय होतंय ते याच वेळेला सांगू.